रामशास्त्री, मिर्झा आणि भोला : गजानन जागीरदार यांच्या भूमिकांचा पाठविचार

अंबरनाथच्या शिवालयांतील शिलालेखाचा शक डॉ. भाऊ दाजी यांनीं ७८२ असा वाचला होता. पुढें पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं तोच शक ९८२ असा लावून दाखविला, आणि इ. स. १०६० हा काल विद्वानांनीं मान्य केला. शतकस्थानच्या एका आंकड्यानें देवालयाचें वय दोनशें वर्षांनीं कमी झालें. अंबरनाथच्या पुढें बदलापूर लागतें. शिवकालीं या ठिकाणीं घोडे बदलीत म्हणून बदलापूर, अशी व्युत्पत्ति तेथील आबालवृद्ध सांगतात. ती लोकव्युत्पत्ति आहे. ती कागदाची वाट पाहत बसत नाहीं, आणि एकदां रूढ झाल्यावर कागदाला जुमानीतहि नाहीं.

या दोन उदाहरणांत इतिहासाच्या अभ्यासकाची पुष्कळशी कसोटी आली. पहिल्यांत अक्षर दगडावर आहे, वाचणारा बदलला. दुसऱ्यांत कथा लोकांच्या तोंडीं आहे, अक्षर नाहींच. गजानन जागीरदार या नटाच्या कारकीर्दीचें परीक्षण आम्ही येथें करीत आहों, तें याच कसोटीवर. कारण ज्या भूमिकेनें त्यांचें नांव महाराष्ट्रांत घरोघर गेलें, त्या रामशास्त्र्यांच्या भूमिकेभोंवतीं मराठ्यांच्या इतिहासांतील सर्वांत प्रसिद्ध अक्षरबदलाची कथा गुंफलेली आहे. ती कथा म्हणजे ‘ध’चा ‘मा’.

चित्रपट हा इतिहाससंशोधकांचा विषयच नव्हे, असा आक्षेप येईल. जुनीं दप्तरें चाळणाऱ्यांस पडद्यावरच्या जिरेटोपांचा आणि पगड्यांचा वीट यावा हें स्वाभाविक आहे. परंतु आम्हांस असें विचारावेंसें वाटतें कीं, बखरीस आपण काय म्हणून वाचतों? बखर प्रसंगानंतर लिहिली जाते, कोणाच्या तरी आज्ञेनें किंवा हेतूनें लिहिली जाते, तींत संवाद कल्पिलेले असतात आणि तिथ्यांचा घोळ असतो. तरी ती आपण जपून ठेवितों. कारण तिच्यांत वर्णिलेला काल जरी अंधुक असला, तरी ती लिहिणाराचा काल तिच्यांत स्वच्छ उमटलेला असतो. ऐतिहासिक चित्रपट ही विसाव्या शतकाची बखरच होय. तिला पुरावा मानूं नये, पण तिचें वाचन करूं नये असें म्हणतां येत नाहीं. आणि बखरीच्या बाबतींत जें काम लेखकाच्या शैलीचें, तें चित्रपटाच्या बाबतींत बऱ्याच अंशीं नटाचें असतें.

जागीरदारांचा जन्म २ एप्रिल १९०७ रोजीं अमरावतीस झाला व १३ ऑगस्ट १९८८ रोजीं ते निवर्तले. या एक्याऐशीं वर्षांच्या आयुष्यांत मूकपटांचा अस्त, बोलपटांचा उदय, ‘प्रभात’चें वैभव, हिंदी चित्रसृष्टीचा विस्तार आणि शेवटीं दूरदर्शनाचें आगमन हीं सर्व स्थित्यंतरें येतात. ते नट होते, दिग्दर्शक होते आणि शिक्षकहि होते. १९२९ मध्यें कोल्हापुरास निघालेली आणि १९३३ मध्यें पुण्यास आलेली प्रभात फिल्म कंपनी १९५३ मध्यें बंद पडली. त्याच जागेंत १९६० मध्यें सरकारी चित्रपट-शिक्षणसंस्था उभी राहिली, तेव्हां तिच्या पहिल्या प्रमुखपदीं जागीरदारांचीच योजना झाली. ज्या अंगणांत त्यांनीं मिर्झा आणि रामशास्त्री उभे केले, त्याच अंगणांत त्यांनीं नव्या पिढीस धडे दिले.

त्यांच्याविषयींचें रूढ मत असें आहे कीं, ‘रामशास्त्री’ हें एक शिखर, आणि पुढील चाळीस वर्षें म्हणजे हिंदी चित्रपटांतील वडील, गांवकरी, मौलवी अशा किरकोळ कामांची उतरण. हें मत आम्हांस मान्य नाहीं. आमच्या नाट्यशास्त्रकारांनीं कथावस्तूचे आधिकारिक आणि प्रासंगिक असे दोन भाग केले, व प्रासंगिकाचे पुन्हां दोन : दूरवर चालणारी ती पताका, थोडक्यांत संपणारी ती प्रकरी. रामकथेंत सुग्रीवाचा वृत्तान्त पताका आहे, जटायूचा प्रकरी. परंतु जटायूचा प्रसंग लहान म्हणून तो उणा आहे असें कोणत्याहि रसिकानें म्हटलेलें नाहीं. सीतेस कोणी नेलें याची साक्ष रामास जटायूच देतो, आणि साक्ष देऊन प्राण सोडतो. हिंदी चित्रसृष्टीत ज्यास ‘चरित्र-अभिनेता’ म्हणतात, तो पताकेचा आणि प्रकरीचा नट होय. जागीरदारांनीं आधिकारिक, पताका आणि प्रकरी या तिन्ही ठिकाणीं काम केलें. आणि तिन्ही ठिकाणीं त्यांच्या वांट्यास आलेल्या माणसांत एक विलक्षण साम्य आहे. तीं माणसें शब्दाचीं माणसें आहेत. कोणी शब्द देतो, कोणी शब्दावर विश्वास ठेवितो, कोणी अक्षर शिकवितो, आणि कोणी शब्दाचा निर्णय करतो. हें साम्य ध्यानांत आलें म्हणजे त्या कारकीर्दीचा आलेख उतरणीचा राहत नाहीं.

प्रथम ‘शेजारी’चा विचार करूं. १९४१ सालीं व्ही. शांताराम यांनीं ‘प्रभात’साठीं हा चित्रपट मराठींत ‘शेजारी’ व हिंदींत ‘पडोसी’ या नांवांनीं काढला. एका गांवांतील एक हिंदु व एक मुसलमान असे दोन जिवलग शेजारी. गांवाजवळ धरण बांधूं पाहणारा धनिक आपल्या मार्गांतील अडथळा दूर व्हावा म्हणून त्यांच्यांत फूट पाडतो, आणि अखेर धरण फुटतें तेव्हां दोघे मित्र एकमेकांचा हात धरून मृत्यूस सामोरे जातात. मराठी पाठांत हिंदु शेजारी जिवबा हा केशवराव दाते यांनीं केला आणि मिर्झा जागीरदारांनीं. हिंदी पाठांत मिर्झा जागीरदारांकडेच राहिला. पण त्याच्यासमोरचा हिंदु ठाकूर मझहर खान या मुसलमान नटाकडे गेला.

हस्तलिखितें जुळविणाऱ्या वाचकांस येथें थांबावेंसें वाटेल. एकाच ग्रंथाच्या दोन शाखा आपल्यासमोर आहेत. एक पात्र दोन्ही शाखांत एकाच हातचें, दुसरें पात्र हात बदललेलें. असा पाठभेद हा दोष नव्हे, उलट तो संशोधकाचा दिवा होय. दाते हे महाराष्ट्र नाटक मंडळींत तयार झालेले, गद्य रंगभूमीच्या संस्कारांतले नट. त्यांच्यासमोर मिर्झा बोलतो तेव्हां तीं दोन मराठी घरें एकमेकांस लागून आहेत असें वाटतें. मझहर खानांसमोर तोच मिर्झा बोलतो तेव्हां कथा एका खेड्याची न राहतां सबंध हिंदुस्थानची होते. जागीरदारांचें काम दोन्हींत तेंच आहे, आणि तरी तें तेंच राहत नाहीं. कारण शेजारी बदलला म्हणजे माणूसहि थोडा बदलतो. हिंदी पाठांत हिंदु नटानें मुसलमान आणि मुसलमान नटानें हिंदु व्हावें ही योजना कोणी चमत्कृति म्हणून सांगतात. आम्हांस ती नाट्यशास्त्राला अत्यंत अनुरूप वाटते. आहार्य अभिनयानें, म्हणजे दाढीनें वा टोपीनें, मिर्झा होतां येतें. सात्त्विक अभिनय मात्र त्याच्या दुःखांत शिरल्यावांचून साधत नाहीं. मिर्झाची भूमिका लक्षांत राहते ती दाढीमुळें नव्हे. मित्रावर राग धरतांनाहि ज्याला तो राग परका वाटतो, असा माणूस जागीरदारांनीं उभा केला, म्हणून ती लक्षांत राहते.

या चित्रपटानंतर सहा वर्षांनीं देशाची फाळणी झाली. कल्याणजवळील लष्करी छावणीच्या बराकींत सिंधमधून आलेलीं निर्वासित कुटुंबें उतरलीं, आणि १९४९ मध्यें त्या छावणीस उल्हासनगर हें नांव मिळालें. आज अंबरनाथच्या देवळाकडे जाणारा मनुष्य याच नगरास लागून जातो. ज्यांचे शेजारी एका वर्षांत परके झाले, अशा माणसांनीं वसविलेलें हें नगर आहे. येथें राहून ‘पडोसी’ पाहणें आणि १९४१ सालीं पुण्यांत तो पाहणें या दोन गोष्टी सारख्या नव्हेत. १९४१ च्या प्रेक्षकास तो इशारा होता. उल्हासनगरच्या प्रेक्षकास तो मृत्युलेख आहे. चित्रपटाची फीत तीच, अक्षर तेंच. वाचणाराचा शक बदलला. कथेचा शेवट धरण फोडून केला ही सोयीची युक्ति आहे, आणि सारें पाप एका धनिकाच्या माथीं मारल्यामुळें गांवकरी फार स्वस्तांत सुटतात, हे दोष आम्ही झांकीत नाहीं. १९४७ नें दाखवून दिलें कीं, फूट पाडणारा एक असला तरी फुटणारे पुष्कळ असावे लागतात. परंतु मिर्झाच्या भूमिकेंत हा स्वस्तपणा नाहीं. तो स्वतःस सोडून देत नाहीं, हें जागीरदारांचें श्रेय.

आतां ‘रामशास्त्री’. हा चित्रपट १९४४ चा, ‘प्रभात’चाच, आणि मराठी व हिंदी अशा दोन पाठांचा. कथा शिवराम वाशीकर यांची. दिग्दर्शक म्हणून तीन नांवें येतात : राजा नेने, विश्राम बेडेकर आणि गजानन जागीरदार. पोथींत तीन हातांचीं अक्षरें आढळलीं कीं आपण ती कोठें सांधली आहे तें पाहूं लागतों. येथें सांधा फारसा दिसत नाहीं, आणि त्याचें एक कारण असें कीं, मध्यवर्ती भूमिका एकाच माणसाची असून तोच दिग्दर्शकांपैकीं एक आहे. बालपणीचा राम अनंत मराठे यांनीं व त्याची बालवधू बेबी शकुंतला यांनीं केली. आनंदीबाईचें काम ललिता पवार यांचें.

इतिहासांतील रामशास्त्री प्रभुणे हे साताऱ्याजवळील क्षेत्र माहुलीचे. साताऱ्यास सावकार अनगळ यांच्या घरीं चाकरी, तेथें झालेला अपमान, काशीस जाऊन केलेलें अध्ययन, हें पूर्वचरित्र परंपरेनें आलेलें आहे. १७५१ मध्यें ते पेशव्यांच्या पदरीं शास्त्री म्हणून राहिले व १७५९ मध्यें न्यायाधीश झाले. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं शनिवारवाड्यांत गारद्यांनीं नारायणराव पेशव्यांचा खून केला. रामशास्त्र्यांनीं चौकशी केली, रघुनाथरावांस दोषी ठरविलें, आणि या पातकास देहान्त हेंच प्रायश्चित्त असें त्यांच्या तोंडावर सांगून ते पुणें सोडून वाईच्या बाजूस जाऊन राहिले. बारभाईंचा कारभार सुरू झाल्यावर ते परत आले आणि १७८९ मध्यें त्यांचा अंत झाला. ग्रांट डफ यानें १८२६ मध्यें प्रसिद्ध केलेल्या इतिहासांत हा प्रसंग आहे. माधवरावांस जपतपाच्या नादावरून शास्त्र्यांनीं दिलेला बोलहि तेथें आहे. आणि ‘धरावें’ याचें ‘मारावें’ केल्याची कथाहि तेथेंच आहे.

चित्रपटाचा कळस अर्थातच देहान्त प्रायश्चित्ताचा. धर्मशास्त्राच्या दृष्टीनें येथें एक सूक्ष्म भेद आहे, तो प्रेक्षकांच्या बहुधा लक्षांत येत नाहीं. दंड राजा देतो, प्रायश्चित्त परिषद सांगते. दंड बाहेरून येतो, प्रायश्चित्त पातक्यानें स्वतः आचरावयाचें असतें. रघुनाथराव त्या वेळीं सत्ताधीश होते. त्यांस दंड करील असा राजा पुण्यांत उरला नव्हता. म्हणून शास्त्र्यांनीं हातीं असलेलें एकमेव साधन वापरलें, तें म्हणजे शास्त्राचा शब्द. त्या शब्दाच्या पाठीमागें शिपाई नव्हता, बेडी नव्हती, फांस नव्हता. म्हणूनच तो मोठा. प्रेक्षकांस तो फांशीचा हुकूम वाटतो, आणि टाळ्या पडतात. परंतु जागीरदारांचा अभिनय पाहतां ते स्वतः हा भेद जाणून होते असें आम्हांस वाटतें. दंड सांगणाराच्या आवाजांत विजय असतो. त्यांच्या आवाजांत तो नाहीं. तेथें आहे तें ओझें. न्यायासनावरील माणूस आपल्या धन्याच्या घराचा शेवट वाचून दाखवीत आहे, आणि वाचून झाल्यावर त्या आसनास त्याच्यापुरता अर्थ राहिलेला नाहीं, हें त्या स्वरांत येतें.

येथें एक योगायोग नमूद करण्याजोगा आहे. ‘रामशास्त्री’च्या दोनच वर्षें आधीं, १९४२ मध्यें, जागीरदारांनीं ‘वसंतसेना’ हा चित्रपट दिग्दर्शित केला होता. त्याचें मूळ शूद्रकाचें ‘मृच्छकटिक’. त्या नाटकाच्या नवव्या अंकांत न्यायसभा आहे. तेथें अलंकार सांपडतात, साक्षी जुळतात, सारा पुरावा चारुदत्ताविरुद्ध उभा राहतो, आणि तो निरपराध असतो. न्यायाधीश सज्जन आहे. परंतु निर्णय त्याचा, शिक्षा राजाची. तो हद्दपारी सुचवितो आणि राजा पालक वधाची आज्ञा देतो. नवव्या अंकांतील न्यायाधीश सत्तेपुढें हतबल आहे, रामशास्त्री सत्तेस उत्तर मागतात; दोन न्यायसभा एकमेकींच्या समोर ठेवल्यास पहिलीचें उत्तर दुसरींत मिळतें. १९४२ च्या चळवळीच्या पाठोपाठ आलेल्या प्रेक्षकांस राज्यकर्त्याला अपराधी म्हणणारा न्यायाधीश कां भावला, हें वेगळें सांगावयास नको.

परंतु ‘मृच्छकटिका’चा दुसरा धडा, म्हणजे जुळलेला पुरावाहि खोटा असूं शकतो, हा ‘रामशास्त्री’नें घेतला नाहीं. येथेंच आमचा या चित्रपटावर मुख्य आक्षेप आहे. चित्रपटानें खुनाच्या कटाचा भार आनंदीबाईवर टाकला. तिच्याविरुद्ध पुरावा कोणता? मूळ आज्ञापत्र उपलब्ध नाहीं. फेरफार केलेला कागद कोणी पुढें ठेविलेला नाहीं. ‘धरावें’चें ‘मारावें’ करणें हें एका अक्षराचें काम म्हणून सांगितलें जातें. पण ‘ध’चा ‘म’ करून भागत नाहीं, त्यास कानाहि द्यावा लागतो, म्हणून तर म्हण ‘ध’चा ‘मा’ अशी आहे. मोडींतील सलग ओळींत, शिरोरेषेखालीं, दोन अक्षरांच्या मध्यें नवा कानाची जागा करणें किती सोपें आहे, हें मोडी वाचणाऱ्या आमच्या वाचकांनीं स्वतःच टांक घेऊन पाहावें. कथा अशक्य आहे असें आम्ही म्हणत नाहीं. ती सिद्ध नाहीं, एवढेंच म्हणतों. रघुनाथरावांच्या सहभागाविषयीं चौकशीचा आणि निर्णयाचा आधार आहे. आनंदीबाईच्या अक्षराविषयीं केवळ प्रवाद आहे. बदलापूरच्या घोड्यांइतकाच तो प्रवाद जुना आणि तितकाच चिवट आहे. फरक इतकाच कीं, घोड्यांच्या कथेनें कोणाची अब्रू जात नाहीं.

म्हणून असा विलक्षण प्रकार झाला कीं, न्यायाची महती गाणाऱ्या चित्रपटानें एका स्त्रीस विनाचौकशी दोषी ठरविलें. ललिता पवार यांचें काम जितकें प्रभावी, तितका हा अन्याय खोल गेला. कागदावरचा प्रवाद ग्रंथालयांत राहतो. पडद्यावरचा प्रवाद चेहरा घेऊन घरीं येतो. शाळेंतील मुलांस विचारावें, आनंदीबाई कशी होती? तीं जें वर्णन करतील तें चित्रांतलें असेल, आणि त्यांच्या मनांतून तें काढणें इतिहासाच्या कोणत्याहि पाठ्यपुस्तकास साधलेलें नाहीं. हा दोष नटीचा नव्हे, तसाच जागीरदारांच्या भूमिकेचाहि नव्हे; परंतु तीन दिग्दर्शकांत त्यांचें नांव आहे, म्हणून त्यांतला वांटा त्यांच्याकडेहि येतो. त्यांनीं उभा केलेला रामशास्त्री जर खरोखर त्या कचेरींत येऊन बसता, तर प्रथम त्यानें तो कागद मागितला असता.

शिखराचें परीक्षण झालें. आतां तथाकथित उतरणीकडे वळूं. १९६५ मध्यें विजय आनंद यांच्या ‘गाइड’ या हिंदी चित्रपटांत जागीरदारांनीं भोला या गांवकऱ्याचें काम केलें. आर. के. नारायण यांच्या १९५८ च्या इंग्रजी कादंबरींतील वेलन या पात्राचें हें रूपांतर. तुरुंगांतून सुटलेला राजू एका देवळांत झोंपलेला असतो. कोणी साधु त्याच्या अंगावर आपलें भगवें वस्त्र टाकून जातो. भोला तें पाहतो आणि त्यास महात्मा समजतो. पुढें सारें गांव तसें समजूं लागतें, आणि पावसासाठीं उपास करतां करतां त्या भोंदूस खरोखरच संतपण येतें. ही पताका आहे : भोलाची श्रद्धा नसेल तर उत्तरार्धच उभा राहत नाहीं. असें पात्र करतांना दोन खड्डे असतात. एक, त्यास मूर्ख करणें. दुसरा, त्यास पूज्य करणें. जागीरदारांनीं दोन्ही चुकविले. त्यांचा भोला साधा आहे, पण बावळा नाहीं. त्याला महात्मा हवा आहे, कारण त्याच्या घरांत अडचण आहे आणि गांवावर दुष्काळ आहे. गरजेंतून जन्मलेली श्रद्धा आणि अज्ञानांतून जन्मलेली श्रद्धा यांतला भेद या एका भूमिकेनें स्पष्ट केला. नैयायिकांनीं आप्ताच्या शब्दास प्रमाण मानलें. भोलाच्या बाबतींत उलट घडतें : त्याच्या विश्वासानें समोरचा अनाप्त आप्त होतो. ज्या नटानें न्यायासनावर बसून शब्द दिला, त्यानेंच एकवीस वर्षांनीं जमिनीवर बसून शब्द झेलला. हें उतरणें नव्हे.

१९८१ मध्यें मुझफ्फर अली यांच्या ‘उमराव जान’ मध्यें त्यांनीं मौलवीचें काम केलें. मिर्झा हादी रुसवा यांच्या १८९९ च्या उर्दू कादंबरीवरून घेतलेल्या या कथेंत पळवून आणलेली मुलगी लखनौच्या कोठ्यावर विकली जाते, आणि तेथें तिला अक्षर शिकविणारा हा मौलवी. येथें प्रकरी आहे; काम थोडकें, वेळ थोडा. परंतु त्या घरांत तिच्या हातीं जें कांहीं तिचें स्वतःचें असें येतें, तें या माणसाकडून. बाकीचे तिच्या आवाजाची, रूपाची किंमत करतात. हा तिला लिपि देतो, आणि पुढें ती कवयित्री होते ती त्या लिपीच्या बळावर. ज्यांनीं आयुष्य मुलांस अक्षरें गिरवायला लावण्यांत घालविलें आहे, त्यांस या भूमिकेची किंमत निराळी सांगावी लागणार नाहीं. शिक्षक पडद्यावर आला कीं तो विनोदी तरी होतो, नाहींतर उपदेशक. हा मौलवी दोन्ही नाहीं. तो आपलें काम जाणतो आणि जागाहि जाणतो. १९४१ चा मिर्झा आणि १९८१ चा मौलवी यांच्यामध्यें चाळीस वर्षें आहेत. तरी एका मराठी हिंदु नटानें मुसलमान वृद्धाचें सौजन्य दोन्ही वेळां नक्कल न वाटतां उभें केलें, ही गोष्ट उल्हासनगरच्या शेजारीं राहणाऱ्या आम्हांस विशेष मोलाची वाटते.

शेवटीं दूरदर्शन. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें, आणि ऐंशींच्या दशकांत त्यावर ‘स्वामी’ ही मराठी मालिका आली. दिग्दर्शक गजानन जागीरदार. आधार रणजित देसाई यांच्या १९६२ च्या कादंबरीचा, जीस १९६४ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला होता. माधवरावांचें काम रवींद्र मंकणी यांनीं व रमाबाईंचें मृणाल देव यांनीं केलें. न्यायाधीशाच्या भूमिकेनें ज्या पेशवाईंत जागीरदार १९४४ मध्यें शिरले, तिच्याच आधल्या पर्वांत ते वृद्धपणीं दिग्दर्शक होऊन परतले; १७७३ च्या रक्तापासून १७७२ च्या थेऊरपर्यंत, म्हणजे एक वर्ष मागें. ‘स्वामी’ ही कादंबरी आहे, चरित्र नव्हे, आणि तिच्यांतील रमा-माधवांचें भावविश्व दप्तरांत सांपडणार नाहीं हें सांगणें संशोधकांचें कर्तव्यच आहे. तथापि एक गोष्ट कबूल केली पाहिजे. त्या काळीं अंबरनाथ-बदलापुरासारख्या गांवीं चाळींतल्या एका बिऱ्हाडीं दूरदर्शनचा संच असे आणि दहा बिऱ्हाडें त्यासमोर बसत. थेऊर, माधवरावांचा क्षय, निजामाच्या स्वाऱ्या हीं नांवें कित्येकांनीं तेथें प्रथम ऐकलीं. त्यांतले थोडे पुढें आमच्यासारख्यांच्या दारीं पुस्तकें मागत आले. खऱ्या कागदाकडे जाणारी वाट कधीं कधीं कल्पित संवादांतून जाते.

आतां संग्राहकांस दोन शब्द. १९६४ मध्यें पुण्यांत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें, आणि त्यानें मोठें काम केलें. परंतु ८ जानेवारी २००३ रोजीं पुण्यांतील चित्रपट संस्थेच्या आवारांत ठेवलेल्या नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली आणि ‘प्रभात’च्या फितींसह शेकडों जुन्या चित्रपटांचीं रिळें जळालीं. ज्यांच्या प्रती आधीं उतरविल्या होत्या ते चित्रपट वांचले, मूळ फीत मात्र गेली. भूर्जपत्रें ओलाव्यानें जातात, तालपत्रें वाळवीनें. नायट्रेट स्वतःच पेट घेतें. तेव्हां फितीभोंवतींचे कागद आतां फितीइतकेच महत्त्वाचे झाले आहेत. चित्रपटगृहांत आण्या-दोन आण्यांस मिळणाऱ्या कथा-पदांच्या पुस्तिका, जाहिरातींचे कागद, स्थिरचित्रें, संवादांच्या वह्या, हें सर्व अजून पुष्कळ घरीं ट्रंकांच्या तळाशीं आहे. आमच्या मंडळींत ताम्रपट विकत घेणारे आहेत, पण ‘शेजारी’ची पुस्तिका रद्दींत जातांना थांबविणारे थोडे. मराठी व हिंदी पुस्तिका शेजारीं ठेवून पाहिल्यास दोन पाठांतील पात्रें, पदें आणि कथाभाग यांतले भेद उघड होतात. आणि हें काम पोथ्या जुळविणाऱ्यांनींच करावयाचें आहे, कारण दुसऱ्या कोणास तें येत नाहीं.

जागीरदारांच्या कारकीर्दीविषयीं आमचा निर्णय असा. ‘रामशास्त्री’ ही त्यांची सर्वांत मोठी भूमिका. परंतु सर्वांत निर्दोष म्हणावयाची तर ती भोलाची. पहिलींत नट चित्रपटापेक्षां मोठा आहे, दुसरींत तो चित्रपटास नेमका बसलेला आहे. मिर्झाची भूमिका कालानें मोठी केली. मौलवी लहान असूनहि पुरा आहे. ‘स्वामी’चें मोल कलेपेक्षां लोकशिक्षणाचें अधिक. आणि ‘रामशास्त्री’ जपावा, दाखवावा, त्यांतील न्यायाधीशास दाद द्यावी. पण दाखवितांना आनंदीबाईवरील आरोप सिद्ध झालेला नाहीं, हें एक वाक्य प्रेक्षकांस आधीं सांगावें. शतकस्थानचा आंकडा सुधारल्यानें अंबरनाथच्या देवळाची शोभा उणी झाली नाहीं. या एका वाक्यानें त्या चित्रपटाचीहि होणार नाहीं.